सौभाचा वेढा: कृष्ण नसताना उभी राहिलेली द्वारका

काम्यकवनात पांडवांना भेटायला नातलग जमले आहेत. राज्य गेलंय, द्रौपदीची भर सभेत विटंबना झालीय, बारा वर्षांचा वनवास पुढे आहे. द्रौपदी कृष्णाला म्हणते की मला पती नाहीत, मुलं नाहीत, भाऊ नाहीत, बाप नाही, आणि तूही नाहीस. कृष्ण तिला धीर देतो, आणि मग युधिष्ठिराकडे वळून म्हणतो की मी तेव्हा द्वारकेत असतो तर ही वेळ आली नसती. बोलावणं नसतानाही मी त्या सभेत आलो असतो, भीष्म-द्रोणांना सोबत घेऊन द्यूत थांबवलं असतं, आणि कुणी ऐकलं नसतं तर बळाने थांबवलं असतं. त्यावर युधिष्ठिर साहजिकच विचारतो: मग तू होतास कुठे?

शाल्व राजाचं सौभ नावाचं नगर पाडायला गेलो होतो, असं कृष्णाचं उत्तर आहे. ते नगर आकाशात उडत होतं.

वनपर्वातला हा सौभवधाचा भाग मला बरीच वर्षं नुसता चमत्कार वाटायचा. उडतं शहर, मायावी पाऊस, सुदर्शन, संपलं. पुढे तो सावकाश वाचला तेव्हा दिसलं की व्यासांनी इथे वेढ्याची एक पूर्ण हकिगत दिली आहे. कुणी काय हुकूम काढले, कुणी कुठे पहारा दिला, कुठे धीर सुटला, खोटी बातमी कशी आली, सगळं त्यात आहे. शिवाय युधिष्ठिराने विचारलेल्या प्रश्नाचं एक दुसरं उत्तरही त्यात आहे. कृष्णाने ते मोठ्याने उच्चारलेलं नाही, पण हकिगतीत ते स्पष्ट दिसतं. ते मांडावं म्हणून हे प्रकरण लिहायला घेतलं.

शाल्वाची तक्रार

राजसूय यज्ञात कृष्णाने शिशुपालाला मारलं. ही बातमी शाल्वाला लागली तेव्हा कृष्ण अजून इंद्रप्रस्थातच होता. शाल्व सरळ द्वारकेवर चालून आला. बागा उद्ध्वस्त केल्या, वृष्णींची, म्हणजे कृष्णाच्या कुळातली, कोवळी पोरं मारली, आणि कुठे आहे तो वासुदेव म्हणून गर्जत फिरला. त्याचं म्हणणं नीट ऐकण्यासारखं आहे. माझा भाऊ लहान होता, राजा होता, आणि तो रणांगणावर मेला नाही; बेसावध असताना मारला गेला. मूळ संस्कृतात इथे 'प्रमत्त' हा शब्द आहे. प्रमत्त म्हणजे गाफील. हा शब्द लक्षात ठेवावा, पुढे तो पुन्हा येतो.

(कृष्ण ही गोष्ट सांगतोय तेव्हा ऐकणाऱ्यांत चेदीचा राजा धृष्टकेतू बसला आहे. तो शिशुपालाचाच मुलगा. बापाच्या मृत्यूपासून पेटलेल्या युद्धाची हकिगत मुलगा बापाला मारणाऱ्याच्या तोंडून ऐकतो आहे आणि एक शब्दही बोलत नाही. व्यासांनी त्यावर काही भाष्य केलेलं नाही. मला मात्र तिथे दर वेळी थांबायला होतं.)

सौभाविषयी महाभारत फारसं वर्णन करत नाही. ते 'कामग' आहे, म्हणजे मनाला येईल तिकडे जाणारं. अंबेने मनाने वरलेला राजाही 'सौभपती'च म्हटला जातो, म्हणजे नाव जुनं आहे. भागवताच्या दशम स्कंधात मात्र त्याची जन्मकथा येते. रुक्मिणीच्या लग्नात मार खाल्लेला शाल्व पृथ्वी यादवांवाचून करीन अशी प्रतिज्ञा करतो. रोज एक मूठ धूळ खाऊन वर्षभर शंकराची आराधना करतो, आणि देव, असुर, माणूस कुणालाही न फुटणारं वाहन मागतो. मग मयासुर त्याला लोखंडाचं नगर घडवून देतो. भागवतातलं सौभ कधी एक दिसतं, कधी अनेक, कधी दिसतच नाही. कधी जमिनीवर, कधी पाण्यावर, कधी डोंगरमाथ्यावर, आणि कोलीत गरगर फिरवावं तसं भिरभिरत असतं.

वर्णन भागवताचं भारी आहे. वेढा समजून घ्यायचा तर महाभारतच धरावं लागतं.

वर किल्ला, खाली फौज

शाल्वाने आपलं नगर आकाशात उभं केलं आणि खाली चतुरंग सेनेने द्वारकेला चहूबाजूंनी घेरलं. सेनेने तळ टाकला तो सपाट, भरपूर पाणी असलेल्या जागी. स्मशानं, देवळं, वारुळं आणि पूजेची झाडं तेवढी सोडून. म्हणजे हल्लेखोर पिसाट नव्हता. त्याला छावणी कशी घालावी हे कळत होतं.

गडकिल्ल्यांच्या गोष्टींवर वाढलेल्या आपल्यासारख्यांना इथे एक गोष्ट चटकन दिसते. उंची कितीही असो, शहर घ्यायचं तर खाली उतरावंच लागतं. आकाशातला किल्ला धाक घालू शकतो, वरून मारा करू शकतो, सुटका करून घेऊ शकतो. पण वेशीतून आत शिरायला पायदळ लागतं, आणि ते पायदळ जमिनीवरून चालतं, पाणी पितं, पूल ओलांडतं. द्वारकेच्या लोकांनी नेमकं हेच ओळखलं. वरच्या किल्ल्याकडे बघत बसण्याऐवजी त्यांनी आपल्या हाती असलेली जमीन धरली.

त्यांनी काय काय केलं ते कृष्णाने बारकाईने सांगितलं आहे. तो स्वतः तिथे नव्हता. हे सगळं त्याच्या माघारी द्वारकेचा राजा उग्रसेन, उद्धव आणि इतरांनी केलेलं आहे.

पहिला हुकूम दारूबंदीचा. शहरात दवंडी पिटली की कुणीही सुरा प्यायची नाही. कारणही लगेच दिलंय: आपण गाफील असलो तर शाल्व त्या क्षणी घाव घालील. इथे तोच शब्द पुन्हा येतो, 'प्रमत्त'. शाल्वाने ज्या शब्दात भावाची तक्रार मांडली तोच शब्द द्वारकेने आपल्या पहाऱ्याचं सूत्र केला. पुढे यादवांचा शेवट प्रभासक्षेत्री दारूच्या नशेत झाला हे आठवलं की ही दवंडी वाचताना जीव हलतो. एकदा त्यांना हे जमलं होतं.

नट, नर्तक, गवई या सगळ्यांना शहराबाहेर पाठवलं. कलावंतांवरचा हा राग नव्हे. खजिना राखण्याच्या संदर्भात ते वाक्य येतं. येणंजाणं असलेले, फिरते, सगळ्या घरांत वावरणारे लोक वेढ्याच्या काळात नकोत, एवढाच त्याचा अर्थ मी घेतो. पूल तोडले. होड्यांना बंदी केली. खंदकांच्या तळाशी खुंटे ठोकले. शहराभोवतीची एक कोस जमीन, म्हणजे जुन्या हिशेबाने साधारण दोन मैल, मुद्दाम उंचसखल करून टाकली, म्हणजे रथ धावायला नको. तटावर यंत्रं, शतघ्नी (एका वेळी अनेकांना मारणारी शस्त्रं), दगडांचे गोळे, पेटती कोलितं तयार ठेवली. सुरुंग खणणारे लोक नेमले. गद, सांब, उद्धव यांच्यासारखे नावाजलेले वीर पहाऱ्यावर उभे राहिले.

आणि मग मुद्रा. 'न चामुद्रोऽभिनिर्याति', म्हणजे शिक्क्याचा परवाना असल्याशिवाय कुणी बाहेर जाणार नाही आणि तसाच कुणी आत येणार नाही. हा एक नियम मला साऱ्या खंदकांपेक्षा मोठा वाटतो. ज्या शत्रूचं खरं बळ मायेत आहे, त्याच्याशी लढताना वेशीवर आलेला माणूस खरंच आपला आहे का, हे विचारणारी एक साधी रीत असणं किती गरजेचं होतं ते पुढे कळतं.

यानंतर एक श्लोक येतो तो आजच्या कुठल्याही फौजेच्या कचेरीत लावावा असा आहे. 'न कुप्यवेतनी कश्चिन्न चातिक्रान्तवेतनी'. हलक्या धातूत पगार मिळणारा त्या सैन्यात एकही नव्हता आणि पगार थकलेलाही एकही नव्हता. पुढच्या ओळीत आणखी दोन गोष्टी आहेत: मेहेरबानीने भरती झालेला कुणी नव्हता, आणि ज्याचा पराक्रम आधी पाहिलेला नाही असाही कुणी नव्हता. पगार, शिधा, हत्यारं, सगळं वेळेवर पोचलेलं. आकाशात एक आख्खं शहर तरंगतंय, त्यातून काय पडेल सांगता येत नाही, आणि कवी पगाराच्या थकबाकीचा हिशेब देतोय. वरचं बघून खालच्या शिपायाचे पाय का लटपटले नाहीत, त्याचं उत्तर त्याने तिथेच ठेवलं आहे.

दारुकीने रथ फिरवला

लढाईची सुरुवात यादवांना चांगली गेली. शाल्वाचा सेनापती क्षेमवृद्धी सांबापुढून पळाला. वेगवान नावाच्या असुराला सांबाने गदेने मारलं. विविंध्याला चारुदेष्णाने संपवलं. मग स्वतः शाल्व सौभातून आला आणि ते पाहून द्वारकेची फौज हलली. कृष्णाचा मुलगा प्रद्युम्न पुढे झाला, घाबरू नका, मी याला पाहतो म्हणाला, आणि भिडला. शाल्वाला सौभातून खाली उतरावं लागलं. प्रद्युम्नाच्या बाणाने तो बेशुद्ध पडला, शुद्धीवर आला, आणि त्याच्या बाणाने प्रद्युम्न कोसळला.

इथे प्रद्युम्नाचा सारथी एकट्याने निर्णय घेतो. तो कृष्णाच्या दारुकाचा मुलगा, म्हणून दारुकी. तो रथ फिरवतो आणि धन्याला रणाबाहेर काढतो.

शुद्धीवर आल्यावर प्रद्युम्न त्याच्यावर भडकतो. वृष्णींच्या कुळात जन्मलेला रण सोडून पळत नाही, आता केशव काय म्हणेल, बलराम काय म्हणेल, घरच्या बायका काय म्हणतील, त्यापेक्षा मेलेलं बरं. पोटातून आलेला राग आहे तो. दारुकीचं उत्तर अगदी शांत आहे. मी घाबरलो नाही. रथी बेशुद्ध असेल तर त्याला वाचवणं हे सारथ्याचं काम. तुम्ही मला राखायचं आणि मी तुम्हाला, असं आपलं नातं आहे. तुम्ही एकटे होतात, दानव पुष्कळ होते, म्हणून मी बाहेर काढलं.

प्रद्युम्न त्याला बजावतो की पुन्हा असं करायचं नाही, आणि दोघं परत रणात जातात. दारुकीची चूक झाली असं मला वाटत नाही. तो परत फिरला म्हणून तर प्रद्युम्न पुन्हा उभा राहिला, आणि या वेळी त्याने शाल्वाला इतकं जेरीला आणलं की शेवटचा अमोघ बाण धनुष्याला लावला. तेव्हा देवांचा निरोप घेऊन नारद आणि वायू आले: याचा मृत्यू कृष्णाच्या हातून ठरलेला आहे, बाण आवर. प्रद्युम्नाने तो आवरला. शाल्व सौभात बसून निघून गेला.

हिशेब असा होतो की कृष्ण यायच्या आधीच वेढा उठला होता. शहर उजाड झालं होतं, पण पडलं नव्हतं.

खोटी बातमी

यज्ञ आटोपून कृष्ण परतला तेव्हा द्वारका ओळखू येत नव्हती. वेदघोष नाही, बायकांच्या अंगावर दागिने नाहीत, बागा मोडलेल्या. कृतवर्म्याकडून त्याने सगळं ऐकलं आणि शाल्वाला मारल्याशिवाय परतणार नाही अशी प्रतिज्ञा करून तो शाल्वाच्या मार्तिकावताकडे निघाला. सौभ सापडलं ते समुद्रावर.

या वेळी उंचीचा फायदा शाल्वाला पुरेपूर मिळाला, कारण इथे घ्यायला शहरच नव्हतं. सौभ कोसभर वर लटकलेलं. कृष्णाच्या सैन्याचे बाण तिथवर पोचेनात. मग सैन्य काय करणार? आखाड्याभोवतीच्या प्रेक्षकांसारखं ते खाली उभं राहून आपल्या धन्याला ओरडून उत्तेजन देत राहिलं. लढणारा एक, बाकी बघे. उडत्या किल्ल्याने जमिनीवरच्या फौजेला लढाईतूनच वगळून टाकलं होतं. मायेचे खेळ सुरू झाले. आकाशात शंभर सूर्य, शंभर चंद्र, दिवस की रात्र कळेना.

आणि त्या गोंधळात एक माणूस आला. द्वारकेचा, उग्रसेनाचा सेवक. रडत म्हणाला: शाल्वाने द्वारकेत येऊन तुझ्या वडिलांना, वसुदेवांना मारलं. आता हे युद्ध पुरे, परत ये, द्वारका राख.

कृष्णाच्या मनात त्या वेळी काय आलं ते त्याने स्वतः सांगितलंय. द्वारका मी बलराम, सात्यकी, प्रद्युम्न यांच्या हवाली करून आलो. ते जिवंत असताना वडिलांना इंद्रही मारू शकत नाही. वडील गेले, म्हणजे ते सगळे आधीच गेले. माणसांवरचा विश्वास इतका पक्का होता की त्यामुळे खोटी बातमी आणखी मोठी झाली. एका मृत्यूची अफवा ऐकली आणि त्याने अख्खं घर गेलेलं मनात पाहिलं. एवढ्यात सौभातून वसुदेव खाली पडताना दिसले, पुण्य सरलेला ययाती स्वर्गातून पडावा तसे. शार्ङ्ग धनुष्य हातातून गळालं आणि कृष्ण बेशुद्ध झाला.

कृष्णाचं असं होणं पुढच्या काळात भक्तांना पटलं नाही. भागवतातही तोच प्रसंग आहे; तिथे मायावी दूत देवकीकडून आल्याचं सांगतो आणि शाल्व कृष्णाच्या डोळ्यांदेखत मायेच्या वसुदेवाचा शिरच्छेद करतो. पण तिथे भागवत सांगणारे शुकमुनी लगेच म्हणतात की काही ऋषी असं सांगतात खरं, पण ज्ञानस्वरूप भगवंताला शोक आणि मोह कुठून येणार? मला दोन्ही भूमिका समजतात. तरी महाभारतातला, बापाच्या बातमीने धनुष्य टाकणारा कृष्ण मला जास्त जवळचा आहे, आणि या प्रकरणात तर तोच खरा शिकवणारा आहे. सौभाचे दगड, बाण, आग यांतलं काहीही त्याला पाडू शकलं नाही. पाडलं ते एका निरोप्याने.

माया उलगडली ती कशी? शुद्धीवर येऊन पाहतो तर तिथे सौभ नाही, शाल्व नाही, वडीलही नाहीत. एवढंच. विद्या नाही, अस्त्र नाही; थोडा वेळ मध्ये गेला. निरोप्याने मागितलं काय होतं तेही बघा: युद्ध सोड आणि परत जा. शाल्वाला जे हवं होतं तेच. आणि द्वारकेच्या वेशीवर आलेल्या प्रत्येकाला मुद्रा विचारली जात होती; समुद्रकाठच्या त्या रणात ती कुणी विचारली नाही.

त्यानंतरचं युद्ध थोडक्यात. सौभ गुप्त झालं, आवाजाचा वेध घेणाऱ्या बाणांनी कृष्णाने ओरडणारे दानव मारले. मग दगडांचा असा वर्षाव झाला की तो रथासकट वारुळासारखा बुजून गेला आणि त्याचे लोक आक्रोश करू लागले. वज्रास्त्राने त्याने ते दगड फोडले. आणि इथे पुन्हा एक सारथी बोलतो. या वेळी बाप, दारुक. तो म्हणतो, आता मऊपणा पुरे, याला मारून टाक, वेळ घालवू नकोस. मुलाने रथ मागे फिरवला होता, बापाने पुढे लोटला, आणि दोन्ही वेळी सारथ्याचंच बरोबर ठरलं. कृष्णाने सुदर्शन सोडलं. करवतीने उंच लाकूड चिरावं तसं सौभ मधोमध चिरलं गेलं आणि त्रिपुर कोसळलं तसं कोसळलं. दुसऱ्या फेरीत चक्राने शाल्वाला मारलं. माड्या आणि गोपुरं ढासळलेलं ते नगर जळताना पाहून आतल्या बायका पळाल्या, असं एक वाक्य आहे. शाल्वाच्या नगरातही माणसं राहत होती, हे कवी विसरलेला नाही.

दुसरी सभा

कृष्ण द्वारकेला परतला तेव्हा सात्यकीने त्याला हस्तिनापूरची बातमी सांगितली. द्यूत होऊन गेलं होतं.

द्रौपदीच्या हाकेला धावून येऊन वस्त्रं पुरवणारा कृष्ण आपल्या सगळ्यांच्या मनात पक्का बसलेला आहे. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९६६ मध्ये पूर्ण केलेल्या चिकित्सक आवृत्तीत मात्र सभापर्वाच्या मूळ पाठात तो धावा नाही; तो तळटीपांत आहे. वस्त्रं येत राहतात, पण कुणी दिली ते सांगितलेलं नाही. हे सौभाच्या हकिगतीशी जुळतं. इथे कृष्ण स्वतः सांगतो की मी दूर होतो आणि मला परतल्यावर कळलं.

आता दोन्ही गावं शेजारी ठेवून बघू. शिशुपालवधानंतरच्या त्याच काळात द्वारकेवर संकट आलं आणि कृष्ण तिथे नव्हता. हस्तिनापूरच्या सभेत पांडवांवर संकट आलं, कृष्ण तिथेही नव्हता. एक शहर आकाशातून आलेल्या किल्ल्यापुढे टिकलं. दुसरीकडे अस्त्र नाही, माया नाही, वर तरंगणारं काही नाही. एका पटावर फासे पडले आणि राज्य गेलं. मग युधिष्ठिराच्या प्रश्नाला 'कृष्ण नव्हता' हे उत्तर पुरत नाही. द्वारकेत कृष्ण नसतानाही दवंडी पिटणारा उग्रसेन होता, मुद्रा विचारणारा पहारेकरी होता, धन्याचा राग पत्करून रथ फिरवणारा दारुकी होता. युधिष्ठिर एकामागून एक पण लावत असताना त्याचा रथ फिरवणारं कुणी नव्हतं. बोलला तो विदुर, पण त्याचं कुणी मानलं नाही. भीम भडकला तेव्हा सगळं हरून झालं होतं आणि अर्जुनाने त्यालाच आवरलं.

कृष्णाला हे दिसत असणार. सौभाची गोष्ट सुरू करण्याआधी तो युधिष्ठिराला चार व्यसनं मोजून दाखवतो: स्त्री, द्यूत, मृगया, मद्य. आणि मग त्याच माणसाला सांगतो की माझ्या गावात वेढा पडला तेव्हा पहिल्यांदा दारू बंद केली. याहून जास्त तो बोलत नाही. समोर हरलेला भाऊ बसलाय, शेजारी द्रौपदी आहे.

गोष्ट संपवून तो एवढंच म्हणतो की या कारणाने मी हस्तिनापूरला येऊ शकलो नाही. आलो असतो तर द्यूत झालं नसतं, किंवा सुयोधन, म्हणजे दुर्योधन, जिवंत राहिला नसता. आता मी काय करू? बांध फुटून गेलेलं पाणी आहे हे. 'भिन्नसेतुरिवोदकम्'. मग तो उठतो, युधिष्ठिराला वंदन करतो, सुभद्रा आणि अभिमन्यू यांना रथात घेतो आणि द्वारकेला निघतो. धृष्टकेतूही आपल्या बहिणीला घेऊन आपल्या शुक्तिमती नगरीची वाट धरतो.